वाऱ्यावर सोडलेले जहाज

इटलीतील ब्रेशा या नगरात १६७० साली एक ग्रंथ छापला गेला. त्याचे नाव ‘प्रोद्रोमो’, म्हणजे अग्रदूत. लेखक फ्रान्चेस्को लाना दे तेर्झी हे येशूसंघाचे धर्मगुरू होते. त्यांचा जन्म १६३१ साली ब्रेशाच्याच एका कुलीन घराण्यात झाला होता आणि रोममध्ये अथानासिउस किर्शेर या विख्यात येशूसंघीय पंडिताच्या हाताखाली त्यांचे शिक्षण झाले होते.

आम्ही सेमिनरीत तत्त्वज्ञानाचे विद्यार्थी होतो, तेव्हा हे नाव आम्हांला पाठ होते. चर्च आणि विज्ञान यांचे हाडवैर आहे असे कोणी म्हटले, की उत्तरादाखल म्हणावयाची एक नामावळी आमच्या पिढीच्या ओठांवर असे. कोपर्निकस, मेंडेल, लमेत्र, आणि त्यांत मध्येच कोठेतरी हे लाना, विमानविद्येचे आद्य पुरुष. ती नामावळी म्हणताना लिटनीसारखी लय येई, आणि लिटनी म्हणताना आपण जसे एकेका संताचे चरित्र आठवत बसत नाही, तसेच या नावांचेही झाले होते. लानांनी वाऱ्यावर चालणाऱ्या जहाजाची कल्पना मांडली, एवढेच आम्हांला ठाऊक होते. त्या जहाजाचे प्रकरण त्यांनी कोणत्या विचारावर आणून थांबविले, हे कळायला मात्र आमची पन्नाशी उलटावी लागली.

कल्पना मोठी देखणी होती. लानांच्या थोडे आधी जर्मनीत ओटो फॉन गेरिके यांनी पात्रातील हवा उपसून काढणारा पंप तयार केला होता. तांब्याचे दोन अर्धगोल जोडून आतली हवा काढली, की दोन्ही बाजूंना आठ आठ घोडे जुंपले तरी ते विलग होत नाहीत, हा त्यांचा प्रयोग युरोपभर गाजला. हवेला वजन असते, हे तेव्हा नुकतेच सिद्ध झाले होते. लानांनी त्यातून सरळ अनुमान काढले. हवेला वजन असेल, तर हवा काढून टाकलेला गोल तेवढ्या वजनाने हलका होईल. तांब्याचा पत्रा पुरेसा पातळ आणि गोल पुरेसा मोठा असेल, तर तो भोवतालच्या हवेहूनही हलका होईल, आणि पाण्यात बुडविलेला रिकामा घडा वर उसळावा तसा तो वर जाईल. माणसाच्या उंचीच्या तिप्पट-चौपट व्यासाचे असे चार गोल एका लाकडी नावेला बांधावेत, नावेत डोलकाठी उभारावी, शीड लावावे, हाताशी वल्ही असावीत. बस्स, समुद्र नको, बंदर नको, सारे आकाश मोकळे.

या ठिकाणी आमच्या धर्मग्रामातील वृद्ध कोळीबांधव हसतील, आणि त्यांचे हसणे रास्त आहे. पहाटेच्या मतलई वाऱ्यावर होडी बाहेर काढून दुपारच्या खाऱ्या वाऱ्यावर घरी परतणाऱ्यांना शिडाचे मर्म कोणी शिकवावे लागत नाही. शीड फुगते, कारण वारा होडीला ढकलतो आणि खालचे पाणी तिला धरून ठेवते. जे जहाज वाऱ्यातच तरंगते, वाऱ्याबरोबरच वाहते, त्याला अडविणारे काहीच नाही. त्याचे शीड दोरीवरच्या ओल्या कापडासारखे लोंबत राहील. आणि याहून मोठी अडचण गोलांची होती. हवेचा दाब दर चौरस मीटरला सुमारे दहा टन असतो. कागदासारखा पातळ पत्रा आतून पोकळ केला, तर बाहेरची हवाच त्याला क्षणात चुरगळून टाकील. पत्रा जाड करावा, तर गोल जमिनीवरून हलणार नाही. सारांश, लानांचे जहाज कधी उडू शकत नव्हते.

पण हे लानांना मान्य नव्हते. त्यांनी अडचणींचा एकेक करून विचार केला आणि प्रत्येकीचे आपल्या परीने निरसन केले. गोल दाबाने फुटतील ही शंकाही त्यांनी घेतली होती. आकार परिपूर्ण गोल असल्यामुळे दाब सर्व बाजूंनी सारखा पडेल आणि पत्रा तगून राहील, असे त्यांचे उत्तर होते. प्रत्यक्ष प्रयोग का केला नाही, याचेही कारण त्यांनी प्रांजळपणे दिले आहे. त्यासाठी शंभरेक डुकॅट खर्च आला असता, आणि दारिद्र्याचे व्रत घेतलेल्या संन्याशाजवळ तेवढे द्रव्य कोठून असणार? ज्यांच्याजवळ द्रव्य आहे त्यांनी करून पाहावे, असे त्यांचे आवाहन होते.

आणि मग शेवटी ते म्हणतात, की आता आपल्याला एकच अडचण दिसते, पण ती सर्वांहून मोठी आहे. असे यंत्र यशस्वी होऊ देणे परमेश्वराला कधी रुचणार नाही. का? लाना सांगतात ते वाचताना आजही अंगावर काटा येतो. असे जहाज निघाले, तर कोणतेही नगर अचानक होणाऱ्या हल्ल्यापासून सुरक्षित राहणार नाही, कारण ते थेट नगराच्या चौकावर येऊन उभे राहील आणि सैनिक उतरवील. घरांच्या अंगणांचीही तीच गत. समुद्रावरील गलबतांवर ते वरून लोखंडाचे तुकडे टाकील, माणसे मारील, आगीचे गोळे आणि बाँब टाकून गलबते जाळील. गलबतेच काय, घरे, गढ्या, शहरेही जाळील. आणि हे सर्व करणाऱ्यांच्या केसालाही धक्का लागणार नाही, कारण एवढ्या उंचीवर त्यांना कोणी गाठू शकणार नाही.

१६७० साल. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक अद्याप चार वर्षे दूर होता. त्या काळी एका धर्मगुरूने आपल्या टेबलाशी बसून विसाव्या शतकाचे आकाश पाहिले. शेवटचा मुद्दा तर आमच्या मते सर्वांत भेदक आहे. मारणारा स्वतः सुरक्षित असेल, ही गोष्टच युद्धाचे स्वरूप पालटून टाकील, हे त्यांनी ओळखले. आपले अनुमान त्यांनी अगदी शेवटच्या पायरीपर्यंत नेले, आणि त्या पायरीवर उभे राहून म्हटले, देव होऊ देणार नाही. मग ग्रंथ छापावयास दिला.

ते पान वाचून आम्ही पुस्तक मिटले, ते लानांच्या दूरदृष्टीने दिपून नव्हे. ते वाक्य आम्ही पूर्वी ऐकले होते, आणि ते आमच्याच तोंडून.

तीन वर्षांपूर्वी रविवारच्या दुसऱ्या मिस्सेनंतर एक तरुण आम्हांला साक्रिस्तीत भेटावयास आला. वेदीसेवक असताना घंटा नेमकी चुकीच्या वेळी वाजविणारा हा मुलगा आता अभियंता होता आणि परराज्यात एका कंपनीत नोकरीला होता. वैमानिकाविना उडणाऱ्या छोट्या विमानांना, ज्यांना आता सारेच ड्रोन म्हणतात, त्यांना दृष्टी देणारी यंत्रणा ती कंपनी बनवीत असे. शेतात फवारणी करताना कोणते रोप रोगट आहे हे त्या यंत्राने वरून ओळखावे, हे त्याचे काम. काही महिन्यांपूर्वी कंपनीला दुसरे गिऱ्हाईक मिळाले होते. आता यंत्राने रोपांऐवजी दुसरे काही ओळखावयाचे होते. काय, ते त्याला स्पष्ट सांगितले गेले नव्हते, पण तो मूर्ख नव्हता. “फादर, मी फक्त डोळा बनवतो,” तो म्हणाला, “तरी रात्री झोप लागत नाही. हे बरोबर की चूक?”

अकरा वाजता लग्नाची मिस्सा होती. वऱ्हाड आवारात उतरत होते, फुले लावणारी मुले शिडी मागत होती. आम्ही अल्ब अंगावरून उतरवीत त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणालो, “तू तुझे काम प्रामाणिकपणे कर, बाळ. बाकीचे देव पाहून घेईल. तो वाईट होऊ देणार नाही.” त्याने मान हलविली, ‘जय येशू’ म्हटले आणि तो गेला. त्याला दिलासा मिळाला असे तेव्हा आम्हांला वाटले. दिलासा आम्हांला मिळाला होता, हे ‘प्रोद्रोमो’ वाचताना ध्यानात आले.

आता प्रश्न असा की, लानांचे नेमके चुकले कोठे? ग्रंथ छापण्यात चुकले, असे म्हणणे सोपे आहे, पण आम्हांला ते पटत नाही. याच ग्रंथात लानांनी जन्मांधांना लिहिता-वाचता यावे म्हणून स्पर्शाने ओळखता येणाऱ्या खुणांची एक पद्धत सुचविली आहे. ब्रेलच्या लिपीपूर्वी दीडशे वर्षे हा विचार करणारा माणूस दुष्ट किंवा बेफिकीर नव्हता. ज्ञानाचे दार एका खोलीपुरते बंद करता येत नाही. आमच्या वाडीत भाताची कापणी ज्या हत्याराने होते, त्याच हत्याराने भाऊबंदकीत एकमेकांचे खून पडल्याचे आम्ही पाहिले आहे. म्हणून कोणी लोहाराला तुरुंगात धाडले नाही.

मात्र लोहाराचा हा दाखला आपण फार स्वस्तात वापरतो, असेही आम्हांला वाटते. विळा करणाऱ्या लोहाराला खुनाचे चित्र दिसलेले नसते. लानांना दिसले होते. नीतिशास्त्रात, जे आम्ही कधीकाळी लॅटिन संज्ञांसह घोकले, त्यात परिणाम ठाऊक नसणे आणि परिणाम ठाऊक असून पुढे जाणे यांत फार मोठे अंतर आहे. परंतु येथेही लाना पुढे गेले नाहीत, आणि मागेही आले नाहीत. त्यांनी आपल्या मनात उभी राहिलेली भीती उचलून देवाच्या हाती दिली आणि हात झटकले. आपल्या मराठीत यासाठी एक नेमका शब्दप्रयोग आहे: वाऱ्यावर सोडणे.

देवाच्या हाती देणे वाईट का? आम्ही रोज वेदीवरून तेच तर शिकवितो! खरे आहे. पण ईश्वरी योजनेविषयी संत थॉमस अक्वायनस यांनी एक महत्त्वाची गोष्ट सांगितली आहे. परमेश्वर जगाचा कारभार चालवितो तो सृष्टीतील इतर कारणांमार्फत. असे करतो ते सामर्थ्य कमी आहे म्हणून नव्हे, तर औदार्य मोठे आहे म्हणून, कारण निर्मितीलाही कारण होण्याची प्रतिष्ठा मिळावी अशी त्याची इच्छा आहे. सेमिनरीत हा सिद्धांत आम्ही परीक्षेपुरता लिहिला. त्याचा अर्थ असा निघतो की, देव एखादी गोष्ट ‘होऊ देत नाही’ तेव्हा बहुधा कोणा माणसाच्या नकाराच्या रूपाने होऊ देत नाही. आकाशातून हात खाली येत नाही. लानांचे जहाज त्यांच्या हयातीत बांधले गेले नाही, त्यामागे जर कोणती ईश्वरी आडकाठी असेलच, तर ती त्यांच्या स्वतःच्या दारिद्र्यव्रताची होती, शंभर डुकॅटांच्या अभावाची. ज्या व्रताने त्यांचा हात खरोखरच अडविला, त्याला त्यांनी केवळ एक गैरसोय समजावे, आणि जी आडकाठी कोठेच नव्हती तिच्यावर मात्र विसंबून राहावे, हे पाहून मन विषण्ण होते.

लाना १६८७ साली वारले. त्यानंतर बावीस वर्षांनी दुसऱ्या एका धर्मगुरूने हाच प्रश्न निराळ्या रीतीने सोडवू पाहिला, आणि त्याच्या कथेत आपल्या वसईचाही एक धागा आहे. ब्राझीलमध्ये जन्मलेले फादर बार्तोलोमेउ द गुस्मांव यांनी १७०९ साली लिस्बन येथे राजा पाचवा जुआंव याच्यासमोर कागदाचा एक छोटा फुगा गरम हवेने उडवून दाखविला. हा प्रयोग झाला तो ‘काझा द इंडिया’च्या दालनात, म्हणजे हिंदुस्थानचा व्यापार जेथून चाले त्या वास्तूत. त्या वेळी वसईचा किल्ला याच राजाच्या अमलाखाली होता. पुढे १७३९ साली चिमाजीअप्पांनी तो घेतला, तेव्हाही लिस्बनच्या गादीवर हाच राजा होता. गुस्मांव यांनी राजाला केलेल्या अर्जात आपल्या उडत्या यंत्राचे फायदे सांगितले आणि धोकाही सांगितला. अशा यंत्राच्या भरवशावर लोक गुन्हे करून परराज्यात पळून जातील, म्हणून त्याचा वापर मोकळा ठेवू नये, मक्ता एकाच माणसाच्या हाती द्यावा, अशी त्यांची विनंती होती. लानांनी किल्ली देवाकडे दिली, यांनी ती राजाच्या शिक्क्याखाली ठेवावयास सांगितली. राजांनी पुढे आकाशाचे काय केले, हे आपण जाणतोच.

या गुस्मांव यांना लोक ‘उडणारा पाद्री’ म्हणू लागले, त्यांच्या यंत्राची पक्ष्याच्या आकाराची अद्भुत चित्रे निघाली, आणि १७२४ साली ते स्पेनमधील तोलेदो येथे परागंदा अवस्थेत वारले. पोर्तुगीज कादंबरीकार जुझे सारामागू यांनी १९८२ साली लिहिलेल्या कादंबरीत ते एक पात्र म्हणून येतात. सारामागू निरीश्वरवादी होते, चर्चवर त्यांचा रोष होता, आणि त्यांची पुस्तके आम्ही धर्मग्रामाच्या वाचनालयात सहसा ठेवणार नाही. पण त्या कादंबरीतील एक कल्पना आमच्या मनातून जात नाही. त्यातील उडते जहाज माणसांच्या इच्छाशक्तींवर चालते. मरणाऱ्यांच्या ‘इच्छा’ एक स्त्री गोळा करते आणि त्यांच्या बळावर ते वर उठते. कोणतेही यंत्र शेवटी माणसाच्या इच्छेवर चालते, हे सांगावयास एका नास्तिकाची गरज पडावी, याची आम्हांस थोडी लाज वाटली.

लानांना जे दिसले होते ते प्रत्यक्षात येण्यास फार काळ लागला नाही. १७८३ साली पॅरिसमध्ये माणूस फुग्यातून वर गेला. १८४९ साली ऑस्ट्रियाच्या सैन्याने वेढलेल्या व्हेनिसवर माणसाविना उडणारे, बाँब लटकविलेले फुगे सोडले. ब्रेशाहून व्हेनिस फार दूर नाही. वारा फिरला आणि त्यांतील काही फुगे सोडणाऱ्यांच्याच दिशेने परत आले. ही घटना प्रवचनात सांगितली की श्रोते समाधानाने हसतात, कारण त्यात न्याय झाल्यासारखा वाटतो. म्हणून आम्ही ती प्रवचनात सांगणे सोडून दिले आहे. वारा न्याय करीत नाही.

वारा काय करतो, हे पाहावयाचे असेल तर जपानकडे वळावे लागते. तेथील ओइशी वासाबुरो नावाच्या हवामानशास्त्रज्ञाने १९२०च्या दशकात छोटे फुगे आकाशात सोडून वरच्या थरांतील वाऱ्याचा वेध घेतला. हिवाळ्यात फार उंचावर पश्चिमेकडून पूर्वेकडे विलक्षण वेगाने वाहणारा वारा त्याला आढळला. आपले निष्कर्ष त्याने १९२६ साली एस्पेरांतो या आंतरराष्ट्रीय भाषेत प्रसिद्ध केले, कारण ज्ञान सर्व जगाचे व्हावे असे त्याला वाटत होते. जगाने त्याकडे फारसे लक्ष दिले नाही. जपानच्या सैन्याने मात्र दिले. १९४४च्या नोव्हेंबरपासून १९४५च्या एप्रिलपर्यंत जपानने याच वाऱ्यावर नऊ हजारांहून अधिक फुगे सोडले. प्रत्येकाचा व्यास दहा मीटर, आत हायड्रोजन, खाली स्फोटके आणि आग लावणारे बाँब. रात्री फुगा गारठून खाली येऊ लागला, की वाळूची पिशवी आपोआप गळून पडे आणि तो पुन्हा वर चढे. तीनेक दिवसांत प्रशांत महासागर ओलांडून तो अमेरिकेवर पोहोचे. ना इंजिन, ना वैमानिक. लानांच्या स्वप्नातील जहाज ते हेच, आणि त्यांच्या दुःस्वप्नातीलही.

त्यांतील बहुतेक समुद्रात किंवा अरण्यात नाहीसे झाले. अमेरिकेच्या सरकारने वृत्तपत्रांना याविषयी न छापण्याची विनंती केली होती, म्हणून सामान्य जनांना काही ठाऊक नव्हते. ५ मे १९४५ रोजी ओरेगन प्रांतातील ब्लाय या गावचे एक प्रॉटेस्टंट पाळक आपल्या गर्भवती पत्नीसह संडे स्कूलच्या पाच मुलांना घेऊन डोंगरात सहलीला गेले. पाळक मोटार लावीत होते, तेवढ्यात मुलांना झाडीत काहीतरी पडलेले दिसले. ती जवळ गेली. स्फोटात पाचही मुले आणि ती माउली ठार झाली. अमेरिकेच्या मुख्य भूमीवर त्या महायुद्धात शत्रूच्या माऱ्याने मृत्यू पावलेली माणसे तेवढीच. आमच्याही धर्मग्रामातून दर वर्षी धर्मशिक्षणाच्या वर्गाची सहल निघते. पुढे धावणारी मुले आणि मागे राहून गाडी लावणारा कोणीतरी, हे चित्र आम्हांला परके नाही.

ते फुगे कोणी केले होते? ते कापडाचे नव्हते, कागदाचे होते, तुतीच्या जातीच्या झाडाच्या सालीपासून केलेल्या चिवट जपानी कागदाचे. त्याचे थरावर थर कोंजाक नावाच्या कंदाच्या खळीने चिकटविलेले असत, आणि हे चिकटविण्याचे काम शाळकरी मुलींकडून करवून घेतले जाई. हे कशासाठी चालले आहे, याची पुरती कल्पना त्यांना दिलेली नव्हती. थंडीत, उपाशीपोटी, सुजलेल्या बोटांनी त्यांनी ते काम केले.

युद्ध संपल्यानंतर अनेक वर्षांनी त्यांतील काहींना कळले की आपण चिकटविलेल्या कागदाने सहा जीव घेतले. तोवर त्या प्रौढ स्त्रिया झाल्या होत्या. १९८७ साली त्यांनी कागदाचे एक हजार सारस घडी घालून तयार केले आणि ओरेगनमधील त्या कुटुंबांकडे पाठविले. त्याच बोटांनी, पुन्हा कागदच.

नीतिशास्त्राच्या कोणत्याही तराजूत त्या मुलींचा दोष तोळाभरही भरणार नाही. वय कोवळे, सक्ती सरकारची, माहिती अपुरी. आमच्यासमोर पापनिवेदनाला त्या आल्या असत्या, तर आम्ही त्यांना सांगितले असते की यात तुमचे पाप नाही. पण त्यांनी कोणत्याही धर्मगुरूला विचारले नाही. ‘मी फक्त कागद चिकटविला’ हे वाक्य त्यांच्या हाती आयते होते, आणि ते त्यांनी वापरले नाही. ज्याला सर्व काही दिसले होते त्या विद्वानाने ‘देव होऊ देणार नाही’ म्हटले, आणि ज्यांना जवळजवळ काहीच दाखविले गेले नव्हते त्यांनी, चार दशके उलटल्यावर, ‘हे आमच्या हातून झाले’ असे म्हटले. या दोहोंपैकी देवावर अधिक श्रद्धा कोणाची, असे आम्हांला कोणी विचारले तर आम्ही त्या स्त्रियांकडे बोट दाखवू. त्यांच्यात ख्रिस्ती कोणी होती की नाही, हा प्रश्न आम्हांला येथे गौण वाटतो.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली शहरेच्या शहरे सरसकट उद्ध्वस्त करणाऱ्या युद्धकृत्यांचा निःसंदिग्ध धिक्कार केला. त्या दस्तऐवजात देव असे घडू देणार नाही अशी ग्वाही नाही. तोपर्यंत कोव्हेंट्री, ड्रेस्डेन, हिरोशिमा, नागासाकी होऊन गेले होते. परिषद माणसांना उद्देशून बोलली. करू नका, म्हणाली. आम्हांला वाटते, लानांच्या शेवटच्या परिच्छेदाला चर्चने दिलेले ते उत्तर होते, दोनशे पंचाण्णव वर्षे उशिरा का होईना.

हे सारे लिहून झाले तरी त्या तरुणाचा प्रश्न तसाच उभा आहे. नोकरी सोड, असे त्याला सांगावे काय? असे सांगणे आमच्यासारख्याला फार स्वस्त आहे. आमचे जेवण, निवास, म्हातारपण धर्मप्रांताने पाहिलेले आहे. त्याच्या डोक्यावर घराचे कर्ज आहे, धाकट्या बहिणीचे लग्न व्हावयाचे आहे, वडिलांचे डायलिसिस चालू आहे. शिवाय शस्त्र बनविणारा प्रत्येक जण पापी, असे चर्च म्हणत नाही. देशाच्या संरक्षणाचा अधिकार ते मान्य करते. तो डोळा सरहद्दीवर राखण करीत असेल, तर आमचा आक्षेप कशाला? तो एखाद्या अनोळखी गावातील लग्नाचे वऱ्हाड आणि शत्रूची तुकडी यांत निवड करीत असेल, आणि ती निवड करताना त्याच्यामागे कोणी माणूसच नसेल, तर मग मात्र गोष्ट निराळी. यांतले खरे काय, ते आम्हांला ठाऊक नाही. तेव्हा तर आम्ही विचारलेही नव्हते. आमच्या उत्तरातील खरा दोष तो होता. त्याने प्रश्न आणला होता, आणि आम्ही त्याला श्रद्धेचे नाव देऊन दार लावून घेतले.

मागील महिन्यात त्याची आई भेटली. तो अजून त्याच कंपनीत आहे, बढती मिळाली आहे, फोनवर कमी बोलतो, मिस्सेला जातो की नाही ते तिला ठाऊक नाही. नाताळला येणार आहे. त्या सकाळी काय बोलणे झाले होते, ते आम्ही तिला सांगितले नाही. तो आला की आमच्याकडे पाठव, एवढेच म्हणालो. “रागावणार तर नाही ना, फादर?” तिने विचारले.

नाही. नाताळच्या दिवसांत लग्ने बरीच असतात, पण त्या दिवशीची एखादी मिस्सा आमच्या सहायक धर्मगुरूंना सांगता येईल. साक्रिस्तीत नव्हे, मागच्या व्हरांड्यात त्याला बसवून घ्यावयाचे आहे, तेथे दुपारी खारा वारा चांगला येतो. आणि या वेळी पहिला प्रश्न आम्ही विचारणार आहोत: तुझा तो डोळा काय काय ओळखतो, ते आम्हांला नीट समजावून सांग.